वाराचं पान

रात्रभर कोसळून पावसानं आत्ताच उघडीप दिली आहे. साल १८८४, ज्येष्ठ महिना, पुण्याची सदाशिव पेठ. तुम्ही चौदा वर्षांचे आहात, कोकणातून शिकायला आलेले, आणि काल सकाळपासून मूठभर चुरमुरे नि पाणी यापलीकडे तुमच्या पोटात काही गेलेलं नाही. काल मंगळवार होता. मंगळवारचा वार तुम्हाला अजून मिळायचा आहे.

आज बुधवार, आणि बुधवार पक्का आहे. म्हणून पावलं भराभर पडताहेत. दिंडीतून वाकून वाड्यात शिरलं की चौकात हौद लागतो. पेशव्यांनी कात्रजच्या तलावातून नळ बांधून आणलेलं पाणी त्यात पडतंय. ओसरीवर कालचा 'केसरी' घडी घालून ठेवलेला आहे, त्यावर कुणाचा तरी चष्मा. आतून आवाज येतो, "आलास का रे? अंघोळ कर आणि परसातनं दूर्वा नि तगरीची फुलं आण आधी. पूजा खोळंबलीय."

ही काकू. नात्यानं तुमची कोणी लागत नाही. या घराशी तुमचा संबंध इतकाच, की तुमच्या गावच्या भिक्षुकाचा मावसभाऊ इथे सत्यनारायण सांगायला येतो, आणि त्यानं शब्द टाकला म्हणून आठवड्यातला एक दिवस या घरानं तुम्हाला दिला. सात वार, सात घरं. ज्याला सातही मिळाले तो भाग्यवान. ज्याला पाच मिळाले तो उरलेल्या दोन दिवसांसाठी झोळी खांद्याला लावून माधुकरी मागतो, किंवा तुमच्यासारखा चुरमुरे खातो. न्यू इंग्लिश स्कूल निघून चार वर्षं झाली आहेत, टिळक आणि आगरकर तिथे शिकवताहेत, घाटाखालच्या खेड्यापाड्यांतून मुलं पुण्याला येताहेत. त्यांच्या फीची, पुस्तकांची चर्चा सभांमधून होते. त्यांच्या पोटाची सोय मात्र कुठल्या सभेनं केलेली नाही. ती अशीच, एकेका स्वयंपाकघरानं आपापल्यापुरती उचलली आहे.

घाट चढून येणं तुम्हाला नवलाचं वाटत नाही, कारण कोकणात एक गोष्ट मुलांना नेहमी सांगतात. नऊ वर्षांपूर्वी मुरुडचा धोंडो केशव कर्वे नावाचा मुलगा भर पावसात कुंभार्ली घाट चढून पायी सातारला गेला होता. परीक्षेला बसायचं होतं. हा फार लहान दिसतो, म्हणून परीक्षा घेणाऱ्यांनी त्याला बसूच दिलं नाही. तो परत फिरला. आज, याच १८८४ साली, तो मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजातून बी. ए. झालाय. त्याची आठवण मनात असू द्या, पुढे लागेल.

अंघोळ झाली, ओलेत्यानं फुलं आणली, पूजा झाली. आता पाट मांडलेत, प्रत्येक पाटापुढे रांगोळीची दोन बोटं ओढली आहेत. वडीलधारे अण्णा पहिल्या पाटावर, मग त्यांचे दोन मुलगे, मग पुतण्या, आणि सगळ्यांत शेवटी, दाराशेजारच्या पाटावर तुम्ही. त्यांच्यापुढे पितळी ताटं, तुमच्यापुढे पळसाची पत्रावळ. वाईट वाटून घेऊ नका. ताट असतं तर ते घासायचं काम काकूंच्या वाट्याला आलं असतं, आणि त्यांची कामं आत्ताच कमी नाहीत.

पत्रावळ नीट बघून घ्या. वर मध्यभागी मीठ. डावीकडे लिंबाची फोड, खोबऱ्याची चटणी, काकडीची कोशिंबीर. उजवीकडे पडवळाची भाजी, आणि आमटीचा द्रोण, तो कलंडू नये म्हणून खाली पत्रावळीची कड दुमडून टेकवलेली. मध्ये भाताची मूद, तिच्यावर पिवळं वरण. यातलं काही इकडचं तिकडे होत नाही. आंधळा माणूसही या पानावर नीट जेवेल, इतकं प्रत्येक पदार्थाचं घर ठरलेलं आहे. वरणभाताच्या मुदीवर तूप पडल्याशिवाय कोणी हात लावत नाही, म्हणून सगळे थांबलेत. तुमच्या तोंडाला पाणी सुटलंय आणि तुम्ही पत्रावळीच्या शिरा मोजताय.

तूप वाढायला आत्याबाई येतात. त्यांच्याकडे वर मान करून बघू नका, तशी रीत नाही. फक्त लाल आलवणाची कड दिसेल आणि तूप सोडणारा हात. पहिली पळी अण्णांच्या भातावर. मग थोरल्या मुलाच्या, धाकट्याच्या, पुतण्याच्या. तुमची नजर पळीवर खिळली आहे, कारण गुरुवारच्या घरी काय होतं ते तुम्हाला ठाऊक आहे. तिथे पळी तुमच्यापर्यंत येते तोवर तिच्यात नुसता ओशटपणा उरलेला असतो, तो झटकला की एक थेंब पडतो. तिथला भात गरम असतो, भाजी रुचकर असते, तरी गुरुवार तुम्हाला आवडत नाही. इथे आत्याबाई तुमच्यापुढे येतात, तुपाच्या भांड्यात पळी पुन्हा बुडवतात आणि धार तुमच्या मुदीवर सोडतात. अण्णांना वाढली तेवढीच. वरणाच्या पिवळ्यात तूप विरघळत खाली उतरतं, आणि तुम्हाला उगाच गावाकडची आई आठवते.

पंक्तिप्रपंच करू नये, हे या शहरातल्या प्रत्येक घराला तोंडपाठ आहे. एकाच पंगतीत एकाला जास्त, एकाला कमी वाढणं हे पाप. मला वाटतं, आपल्याकडच्या पाहुणचाराचा सगळा नीतिविचार या एका नियमात आहे, आणि त्याची परीक्षा सणावारी होत नाही. ती बुधवारच्या साध्या जेवणात, शेवटच्या पाटाशी होते.

अण्णा आपोशन घेतात, ताटाच्या उजव्या बाजूला चित्राहुती घालतात, तुम्हीही घाला. श्लोक म्हटला जातो. "सावकाश होऊ द्या," असं म्हटलं की हात चालू लागतात. वरणभात संपला की आमटीभात, मग भाकरी नि भाजी, शेवटी ताकभात. पोळ्या सणालाच. अण्णा उठेपर्यंत कोणी उठायचं नाही, आणि अण्णा मुद्दाम हळू जेवताहेत, हे तुमच्या तिसऱ्या भाताला लक्षात येतं. तुमचं पोट भरलेलं त्यांना दिसत नाही तोवर ते ताकाचा भुरका लांबवत राहतात. त्याबद्दल ते कधी अवाक्षर काढणार नाहीत, आणि तुम्हीही काढू नका.

जेवण झालं, पत्रावळ उचलली, जागेवर शेण फिरवलं. आता दीड वाजलाय. शाळेत जाण्याआधी पाणी प्यायला स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी या आणि क्षणभर थांबा. काकू आणि थोरली सून आत्ता पानं घेताहेत. आमटीचं पातेलं तिरपं केलेलं आहे. भाजी संपली, म्हणून त्या चटणी नि भाकरी वाढून घेतात. तुमचा तिसरा भात कुठून आला, ते तुमच्या ध्यानात आलं असेल. आत्याबाईंचं पान मांडलेलं नाही. त्या मघाच जेवल्या असतील, असं तुम्ही समजता. त्या जेवलेल्या नाहीत. त्या दिवसातून एकदाच जेवतात, आणि ते सगळ्यांच्या नंतर, सोवळ्यातली भांडी आवरून झाल्यावर.

पंधरवड्यानं आषाढी एकादशी येते, नेमकी तुमच्या वाराला. अगोदरच दोन्ही पालख्या पुण्यातून पुढे गेल्यात. आदल्या दिवशी तुम्ही घुटमळत विचारता, "उद्या येऊ का?" वार चुकला तर दिवस उपाशी जाईल, आणि उपास असलेल्या घरी जेवायला जावं तरी कसं? काकू हसतात. "उपासाचं खातोस ना? मग ये की."

उपासाचं पान बघा. वऱ्याचे तांदूळ, दाण्याची आमटी, रताळ्याचा कीस, शिंगाड्याची खीर, केळं, सायीचं दही. 'एकादशी अन् दुप्पट खाशी' ही म्हण वारावर जेवणाऱ्या मुलांनी अक्षरशः जगलेली आहे. साबुदाणा मागू नका. तो समुद्रापलीकडून, सिंगापूरकडून येणारा माल आहे. तमिळनाडूत सेलमला कसाव्यापासून तो तयार व्हायला अजून साठ वर्षं लागायची आहेत. बटाटा मात्र आलाय. शनिवारवाड्यासमोरच्या मैदानातल्या मंडईत जुन्नर-खेडकडच्या बटाट्यांचे ढीग लागतात. रताळं, बटाटा, भुईमूग, मिरची, सगळी मूळची अमेरिकेची. जुन्या व्रतग्रंथांना त्यांची नावंही माहीत नव्हती. तरी आपल्या घरांनी ती बिनतक्रार आत घेतली, आणि नुसती आत घेतली असं नाही, एकादशीच्या पानावर, देवाच्या नैवेद्याला बसवली. जगाच्या पलीकडच्या कंदाला उपासाच्या पानावर जागा देण्याइतकी ही संस्कृती मोकळी होती. हे मनापासून कौतुकाचं आहे. आणि म्हणूनच पुढचं अधिक जिव्हारी लागतं.

आत्याबाई तुम्हाला वाढताहेत. दाण्याची आमटी, वर पुन्हा आमटी. "लाजू नकोस," एवढंच त्या बोलतात. आज त्यांना काही खायचं नाही. काकूंचीही एकादशी आहे, पण काकूंनी चातुर्मासाचा नेम धरलाय तो स्वतःच्या मर्जीनं: रोज एका बटूला जेवू घातल्याशिवाय आपण तोंडात घास घालायचा नाही. तुम्ही बुधवारचे बटू. बाकीच्या वारांना दुसरी मुलं. म्हणजे तुम्ही जेवलात तर काकूंना जेवता येतं. या घरी उपकार नेमका कोणाचा कोणावर, हे सांगता येत नाही, आणि तुमची मान इथे थोडी ताठ राहते ती त्यामुळेच. आत्याबाईंची गोष्ट वेगळी. त्या आठव्या वर्षी विधवा झाल्या, आता सव्विसाव्या वर्षात आहेत. त्यांच्या उपासाला आरंभ त्यांनी केला नाही आणि शेवट त्यांच्या हातात नाही. आलवण, केशवपन आणि एकभुक्त राहणं, तिन्ही एकाच दिवशी त्यांच्यावर आलं. या घरात सर्वांत चांगला स्वयंपाक त्या करतात, आणि सर्वांत कमी खातात.

व्रत स्वतः धरलं तर माणसाला बळ देतं, हे मी मानतो. भूक दुसऱ्यानं लादली की तिला व्रत म्हणणं हा अन्याय आहे, मग ती कितीही सोवळ्यानं पाळली जावो. मुरुडच्या त्या मुलालाही हे कळलं. पुढे १८९३ साली त्यानं विधवेशी लग्न केलं आणि १८९६ साली पुण्यात अशा आत्याबाईंसाठी आश्रम काढला. तुम्ही मात्र आज १८८४ सालात आहात, तुम्हाला यातलं काही माहीत नाही. तुम्ही खीर पुसूनपुसून खाताय.

हात धुवून बाहेर या आणि दिंडीशी थांबा. जेवणापूर्वी अण्णांनी वैश्वदेव केला, गायीचा घास काढला, कावळ्याचा घास बाहेर ठेवला. गाय आणि कावळा यांचा वाटा या घरात रोजचा, चुकणार नाही असा. बोळाच्या तोंडाशी एक बाई टोपली घेऊन उभी आहे, तिच्या कडेवर मूल आहे. ही बाई रोज पहाटे हा बोळ झाडते. तिला उरलंसुरलं मिळेल, तेही उरलं तर, आणि वरून टोपलीत टाकलेलं. आज एकादशी, म्हणून फारसं काही उरलेलं नाही. तिची एकादशी कोणी विचारलेली नाही. तुमच्या शेवटच्या पाटाला तुपाची पूर्ण पळी वाढणारं हे घर वाईट नाही. ते मनानं उदार आहे, आणि त्याच्या उदारपणाची हद्द या दिंडीपाशी संपते. पंगतीत भेद करू नये, हे ज्यांना पाठ होतं त्यांनी पंगतीत बसायचं कोणी, हा प्रश्न आधीच मिटवून टाकला होता. तुम्ही त्या पाटावर बसलात ते भुकेमुळे नव्हे. भूक या बाईच्या मुलालाही आहे.

पोट भरलंय, शाळेला अवकाश आहे. तर माझ्याबरोबर पूर्वेला चला, पेठा ओलांडून गंज पेठेत. इथे जोतीराव फुल्यांचं घर आहे. १८६८ साली त्यांनी आपल्या आवारातला पाण्याचा हौद अस्पृश्यांना खुला केला, त्याला आता सोळा वर्षं झाली. आत जा, पाणी प्या. तुमच्या ओंजळीला लागलेलं पाणी त्या झाडणाऱ्या बाईच्या ओंजळीलाही लागतं. सदाशिव पेठेत परत जाऊन हे सांगितलंत तर तुमचा बुधवार जाईल, कदाचित सगळेच वार जातील. हे भय खरं आहे आणि चौदा वर्षांच्या मुलाकडून मी अधिक धैर्याची अपेक्षा करत नाही. पण तहान भागली, हे तर तुम्हाला नाकारता येणार नाही.

आता काळ थोडा पुढे ढकलू. कोल्हापूर. शाहू महाराजांनी १९०१ साली व्हिक्टोरिया मराठा बोर्डिंगपासून आरंभ करून एकेका समाजासाठी वसतिगृहं काढली आहेत. राहण्याजेवण्याची सोय झाल्याशिवाय खेड्यातलं पोर शिकणार नाही, हे त्यांनी ओळखलं. १९०८ साली अस्पृश्य मुलांसाठी मिस क्लार्क वसतिगृह निघालं. त्याच्या समारंभाला जैन बोर्डिंगातला एक आडदांड मुलगा जाऊन आला. परत आल्यावर त्याला सांगण्यात आलं, अंघोळ कर आणि मग जेवायला ये. तो म्हणाला, करणार नाही. त्याला बोर्डिंग सोडावं लागलं. नाव भाऊराव पाटील.

त्याच शहरात, महाराजांच्या अखेरच्या वर्षांत, एका हॉटेलापुढे उभे राहा. पाटी गंगाराम कांबळ्यांची. राजवाड्याच्या पागेत पाण्याला शिवल्याबद्दल गंगारामांना मार बसला होता. महाराजांनी मारणाऱ्यांना शासन केलं आणि गंगारामांना हॉटेल काढायला मदत केली. हॉटेलात गिऱ्हाईक फिरकेना. मग महाराज गाडी थांबवू लागले, चहा मागवू लागले, आणि बरोबरच्या बड्या मंडळींनाही तोच चहा. त्यांच्यापैकी एकाच्या हातात कप आहे. बशीत ओतून तो हळूच फुंकर घालतोय, महाराज त्याच्याकडे बघताहेत. त्यालाही पिणं भागच आहे. एक कप चहा इतकं मोठं काम करू शकतो, हे ज्यानं ओळखलं त्या राजाबद्दल माझ्या मनात अपार आदर आहे.

आता १९२७, सातारा, धनिणीची बाग. या वेळी तुमचं घर, जात, गाव काहीही धरा; त्यानं तुमचा पाट ठरणार नाही, कारण पाटच नाहीत. गोणपाट अंथरलेत. भाऊरावांनी १९१९ साली कऱ्हाडजवळच्या काल्याला रयत शिक्षण संस्था काढली आणि १९२४ साली इथे हे वसतिगृह चालू केलं. याच वर्षी गांधीजींनी त्याला छत्रपती शाहू बोर्डिंग हाऊस असं नाव दिलं आहे. धान्य गावोगाव हिंडून मागून आणलेलं. पाणी तुम्ही भरायचं, लाकडं तुम्ही फोडायची, भाकऱ्या तुम्ही थापायच्या.

पहिल्याच दिवशी तुमची भाकरी परातीत फाटते. ज्वारीचं पीठ, उकळतं पाणी नेमकं किती, हे बोटांना कळायला आठवडा जातो. शेजारचा मुलगा ओल्या हातानं कड सांधून दाखवतो, तव्यावर टाकतो, वरून पाणी फिरवतो, आणि तीच भाकरी निखाऱ्यावर टम्म फुगते. त्याचा हात कोणत्या जातीचा, हा प्रश्न तुमच्या मनात आला असला तर तो भाकरी फुगेपर्यंतच टिकतो. आयुष्यभर दुसऱ्याच्या वाढण्याकडे डोळे लावून बसलेल्या मुलांना इथे स्वतः वाढण्याची पाळी मिळते. वारावर जेवलेल्या कितीतरी मुलांनी पुढे मोठं नाव काढलं, पण त्यांना हे मिळालं नव्हतं.

कोठीजवळ लक्ष्मीबाई उभ्या आहेत, भाऊरावांच्या पत्नी. त्या सोवळंओवळं पाळणाऱ्या जैन घरात वाढल्या. सगळ्या जातींची मुलं आपल्या स्वयंपाकघरात आली तेव्हा त्यांच्या मनात काय उलथापालथ झाली असेल, याचा अंदाज तुम्ही काकूंच्या स्वयंपाकघरात उभे राहून आला आहात, म्हणून तुम्हाला करता येईल. त्यांच्या अंगावरचे दागिने एकेक करून याच चुलीसाठी गेले. भाऊराव बाहेरगावी गेले असताना कोठीतलं धान्य संपलं, तेव्हा त्यांनी गळ्यातलं मंगळसूत्र काढून विकायला दिलं आणि मुलांना जेवू घातलं. नवरा जिवंत असताना मंगळसूत्र उतरवणं म्हणजे काय, हे त्या काळच्या बाईलाच विचारावं. आपण मोठ्या पाहुणचाराच्या कथा सांगतो, त्यांत ही पहिली सांगितली पाहिजे. १९३० साली लक्ष्मीबाई गेल्या. संस्थेचा पसारा पुढे किती वाढला, ते त्यांनी पाहिलं नाही.

आज मात्र बोर्डिंगात गलका आहे. मार्च संपत आलाय, आणि महाडहून बातमी आली आहे. डॉ. आंबेडकरांनी वीस तारखेला हजारो माणसांसह चवदार तळ्यावर जाऊन पाणी प्यायलं. एक मुलगा वर्तमानपत्र वाचतोय, दुसरा ते हिसकावतोय. मुसलमान मुलगा विचारतो, पाणी प्यायलं तर मारहाण का झाली? ब्राह्मण मुलगा उत्तर द्यायला तोंड उघडतो आणि गप्प बसतो. महार मुलगा सांगायला लागतो, आपल्या गावच्या विहिरीपासून आरंभ करून. सगळे त्याच्याकडे सरकतात, पंगत वाकडी होते, भाकऱ्या निवताहेत. वाढायची पाळी ज्याची आहे तो आमटीचं भांडं घेऊन मघापासून उभाय, त्याचा हात दुखायला लागलाय.

"आधी आमटी घ्या रे," तो ओरडतो, "आणि याला बोलू द्या. मधे कोण बोलला तर त्याला वाढणार नाही!"